दुर्ग खोडून बस्तर

वैशाली नगर, भिलाई
३ जून

बेटा साक्षी, जय भीम.

तू चांगली असशील. आमी दोघं चांगले आहो. तुह्या आईनं लिहायले सांगतलं म्हणून लिहून राहिलो.

गोष्ट अशी झाली. परवा जेवून जरा पडलो होतो तं मोबाईल वाजला. पाहतो तं सहा आकडे, अन् खाली लिहिलेलं की हा ओटीपी कोणाले सांगू नका. मी तं कशाचं काहीच केलं नव्हतं. थोड्या वेळानं दुसरा आला. मंग तिसरा. मले वाटलं, झालं, कोणीतरी माह्या खात्यात हात घालून राहिलं. चष्मा लावून नीट वाचलं तवा दिसलं की मेसेज बँकेचा नाही, भरतीच्या साइटचा आहे. अन् काल त्याच साइटचा लंबा मेसेज आला, हिंदीत: अभ्यर्थी साक्षी बन्सोड, पद स्टाफ नर्स, आवेदन में त्रुटि सुधार की अंतिम तिथि १५ जून, शाम पाँच बजे तक.

तुहं नाव वाचून मी खाटेवर उठून बसलो.

तू तं म्हटलं होतं का आता एकही फॉर्म भरणार नाही. याच घरात, दारापाशी बॅग ठेवून म्हटलं होतं. "रेल्वे भरलं, टपाल भरलं, पंचायत सचिव भरलं, माह्या नावानं वनरक्षकसुद्धा भरलं बाबा तुमी. मी नर्स आहो. मले जंगल राखायचं नाही." असं बोलली अन् जगदलपूरच्या त्या प्रायवेट हॉस्पिटलात निघून गेली. दोन वर्षं होऊन राहिले. नंबर बदलला, पण जाताना हॉस्टेलचा पत्ता फ्रिजवर चिकटवून गेली. नंबर नाही, पत्ता. त्याचा अर्थ काय काढावा ते मले अजून समजलं नाही. तुही आई म्हणते, अर्थ काढत बसू नका, तिखट पाठवा. म्हणून ती पार्सलं. ती वापस येत नाहीत, म्हणजे तुले भेटत असतील.

मी जे केलं ते बरोबर होतं असं मले आजही वाटते. बाप म्हणून फॉर्म भरत होतो, जुगार नव्हतो खेळत. पण तो विषय या चिठ्ठीत नको.

मले फक्त हे सांग. फॉर्म कवा भरला? कावून भरला? अन् त्यात चूक काय झाली? मी स्टील प्लांटमध्ये सारी नोकरी प्रेशर गेजवर काढली. काटा जाग्यावरून हलला की तो कावून हलला हे पाहल्याशिवाय मले जेवण जात नसे. इथं तं काटा तीनदा हलला, अन् गेज माह्या खिशात आहे.

ओटीपी माह्याकडं येते कारण तुही साइटवरची प्रोफाइल मीच बनवली होती, माह्या नंबरवर. तो दहा मिनिटांत मरते, चिठ्ठीत घालून पाठवता येत नाही. तवा फोन कर. माहा नंबर तोच आहे.

तुहा बाबा,
टिकाराम


वैशाली नगर
७ जून, स्पीड पोस्टनं

बेटा साक्षी, जय भीम.

पहिली चिठ्ठी साध्या टपालानं टाकली ही गडबड झाली. ही तिच्या आधी पोचेल असं पोस्टातली बाई म्हणते.

काल मी पीयूषच्या चॉइस सेंटरवर गेलतो. तुह्या शाळेत दोन वर्ग पुढं होता तो, आता दाढी ठेवली, मरोद्याकडच्या रस्त्यावर दुकान आहे. नेहमी बाहेर पाटी असते की इथं सगळे फॉर्म भरून मिळतील. आता तिच्या खाली दुसरा कागद लावला: त्रुटि सुधार चालू है. अन् लाइन, बाप्पा! फॉर्म भरायच्या वेळेस नसते एवढी लाइन.

मी लाइनीत उभा राहून एकेकाले विचारत गेलो, तुही चूक काय? कोणी लाजलं नाही. एकानं फोटोच्या जागी सही टाकली होती अन् सहीच्या जागी फोटो. एका पोरीच्या नावापुढं पुरुष पडलं होतं, ती म्हणे, "अंकल, नोकरी लगी तो मूँछ लगाके जाऊँगी." एकाची जन्मतारीख अशी पडली होती का त्याले जन्मायले अजून वेळ होता. एकानं बापाच्या नावाच्या रकान्यात गावाचं नाव लिहिलं होतं, अन् त्याचा बाप बाजूलेच उभा होता. मले मोठं नवल वाटलं. एवढी शिकलेली पोरं, महिना महिना अभ्यास करणारी, अन् चुकतात कुठं तं सोताच्या नावात अन् तारखेत. मी पीयूषले विचारलं, असं कावून होते? तो म्हणे, "अंकल, जो पक्का मालूम है, उसको आदमी पढ़ता नहीं."

हे मी खूप वेळ मनात घोळवलं. गेजचंही असंच असते. रोजचा काटा कोणी पाहत नाही.

मंग त्यानं तुही गोष्ट समजावून सांगतली. नवा फॉर्म भरायले पासवर्ड पुरते, भरलेला खोलायले ओटीपी लागते, अन् सुधार एकदाच करता येते. एकदा जमा केलं की कुलूप. नंबर बदलायचा तरी ओटीपी पहिले जुन्या नंबरवरच येते, म्हणजे माह्या. म्हणून तुहे ते तीन ओटीपी. तू नंबर बदलून पाहत होती, हो ना?

अन् त्यानं आणखी एक सांगतलं. प्रोफाइल मी बनवली, पासवर्ड मले ठाऊक, ओटीपी माह्या हातात. तवा मी इथंच बसून तुहा फॉर्म उघडू शकतो, चूक काय ते पाहू शकतो. त्यानं नंबर टाकला, ओटीपी आला, माह्या फोनवर सहा आकडे चमकले. पीयूषचा हात कीबोर्डवर. मंग त्यानं माह्याकडं पाहून विचारलं, "अंकल, उसको पता है ना?"

मी म्हटलं, राहू दे. अन् उठलो. खोलला नाही.

आता ऐक. मी रोज दुपारी फोन हातात घेऊन बसतो. तुले माह्याशी बोलायचं नसेल तं नको बोलू. कोणाच्याही फोनवरून फोन लाव, ओटीपी घे, ठेवून दे. १५ तारखेच्या आत कर. माहं म्हणणं एवढंच.

तुहा बाबा,
टिकाराम

साक्षी, मी आई. पहिली चिठ्ठी लिहायले मी सांगतलं नव्हतं, त्यांच्याच मनानं लिहिली. फॉर्म खोलला नाही हे खरं आहे, पण पीयूषकडं दोनदा गेलते. दुसऱ्यांदा दुकान बंद होतं. जवसाची चटणी पाठवून राहिली. जेवत जा.


वैशाली नगर
१६ जून

बेटा साक्षी, जय भीम.

काल तू फोन ठेवला त्याच्यानंतर मी तसाच फोन कानाले लावून बसलो होतो म्हणे. तुही आई सांगते. मले आठवत नाही.

तुले सारी गोष्ट माहीत नसेल. तुह्या आधी वसुंधराचा फोन आला होता. जेवणाच्या वेळेस. अनोळखी नंबर, अनोळखी आवाज. म्हणे, "अंकल, मैं वसुंधरा, साक्षी के साथ हॉस्टेल में रहती हूँ. आपकी चिट्ठी उसने मुझे पढ़कर सुनाई. अभी आपके मोबाइल पर ओटीपी आएगा, बता दीजिए."

मी विचारलं, "साक्षी कहाँ है?"

"ड्यूटी पे. सुबह से लेबर रूम में है, निकल नहीं पा रही. उसका लॉगिन मेरे पास है. अंकल, आज पाँच बजे साइट बंद हो जाएगी."

आता बेटा, आमच्या रिटायर लोकांच्या बैठकीत पोलीसवाले येऊन सांगून गेले का अशाच गोड आवाजात ओटीपी मागतात. मी तिले म्हटलं, मेसेजवरच लिहून आहे की कोणाले सांगू नका. ती म्हणे, मग काही विचारून घ्या. मी काय विचारावं? तुहं गाव, तुही तारीख हे तं चोरालेही ठाऊक असते. तवा मले जे पहिल्या दिवसापासून विचारायचं होतं तेच विचारलं. "गलती क्या है?"

"संभाग की है, नौकरी किस इलाके में चाहिए. पुरानी प्रोफाइल में दुर्ग था, वही फॉर्म में अपने आप आ गया. उसको बस्तर चाहिए."

मी म्हटलं, "दुर्ग में गलती कहाँ है? भिलाई दुर्ग में ही है. उसका घर यहीं है."

ती हळूच म्हणे, "अंकल, उसको यहीं रहना है."

ती चोर नाही हे मले तवाच समजलं. चोर असं बोलत नाही. तरी मी म्हटलं, तिले सांग, सोता माग. अन् ठेवला.

तुह्या आईनं ताट वाढलं होतं, ते तसंच राहिलं. खरं सांगू का, पहिला मेसेज आला त्या दिवसापासून मी मनात वेगळंच चित्र काढून ठेवलं होतं. दुर्गच्या सरकारी दवाखान्यात तुही ड्यूटी, संध्याकाळी बसनं घरी. वरच्या खोलीतला पंखा आवाज करत होता, तोही दुरुस्त करून घेतला. अन् इथं ती पोरगी म्हणते का दुर्ग हीच चूक आहे. जी गोष्ट मले फॉर्ममध्ये सर्वात बरोबर वाटत होती, तीच.

पाचाले थोडाच टाइम होता तवा तुहा फोन आला.

"बाबा, ओटीपी."

दोन वर्षांनी आवाज ऐकला. दमलेली होती तू. मागं कोणतं तरी लेकरू रडून राहिलं होतं, नवं असावं.

मी विचारलं, "बस्तर कावून?"

"बाबा, टाइम संपून राहिला."

आई माह्यासमोर उभी. "सांगून टाका ना बाप्पा."

मी आकडे सांगत गेलो. चार. शून्य. सात. सात. एक. अन् शेवटचा सांगायच्या आधी थांबलो. चष्म्यावर वाफ आली होती म्हणून थांबलो.

"पुढचा, बाबा?"

पुढचा नाही सांगितला तं दुर्गच राहते, हे मले माहीत होतं. तुलेही माहीत होतं. तू पुन्हा विचारलं नाही. ते लेकरू तेवढं रडत होतं.

"नऊ," मी म्हटलं.

"नऊ की दोन?"

"नऊ."

"झालं." अन् फोन बंद.

मंग मेसेज आला, त्रुटि सुधार सफल. आज सकाळी पीयूषले दाखवला, तो म्हणे, आता उघडत नाही, ब्रह्मदेव आला तरी नाही. मी म्हटलं, आमच्याकडं ब्रह्मदेव येतही नाही.

राग आला नाही असं लिहीन तं खोटं होईन. पण राग रात्रीच उतरला, अन् आता एकच गोष्ट डोक्यात बसली आहे. तिथं असं आहे काय? भिलाईत सारं आहे. शाळा, मोठं हॉस्पिटल, रस्ते, आपले लोक. मी शेतीतून उठून इथं आलो तवा माह्या बापाले समजलं नव्हतं का लोखंडाच्या कारखान्यात पोट्ट्यानं काय पाहिलं. पण मी सांगू शकलो असतो. तू सांगत कावून नाही?

तुहा बाबा,
टिकाराम

मी आई. वाफ कुठून येईन जूनमध्ये. चष्मा कपाळावर होता, आकडा पाठ होता. पण सांगतला, साक्षी. हेही लक्षात ठेव.


नर्सेस हॉस्टेल, जगदलपूर
२५ जून

बाबा, जय भीम.

तिन्ही पत्रं मिळाली. मराठीत लिहायची सवय नाही, घरी फक्त बोलायचो, म्हणून चुका काढू नका. काढाल तरी सुधार एकदाच.

फॉर्म तुमच्यासाठी नाही भरला. इथं प्रायवेटमध्ये गावातल्या बाया अगदी शेवटी येतात, जेव्हा सगळं हाताबाहेर गेलेलं असतं. विचारलं की म्हणतात, जवळच्या सरकारी हेल्थ सेंटरवर कोणी नव्हतं. मला त्या जवळच्या सेंटरवर जायचं आहे. त्या दिवशी ज्याचं रडणं तुम्ही ऐकलं तो मुलगा चांगला आहे. त्याची आई पण.

"बस्तर कावून" ते लिहून नाही समजणार.

परीक्षा २७ जुलै, रविवार, जगदलपूर. बस.

आईला सांगा, जवसाची चटणी वसुंधराच संपवते.

साक्षी


वैशाली नगर
३० जुलै

बेटा साक्षी, जय भीम.

काल सुखरूप पोचलो. केशकालच्या घाटात तुह्या आईले मळमळ झाली, तू दिलेली गोळी कामी आली. बाकी प्रवास बरा.

तू बोलावलं नव्हतं. पण तारीख लिहिली होती, गाव लिहिलं होतं, अन् वारसुद्धा लिहिला होता. उगाच कोणी वार लिहीत नाही, असं तुही आई म्हणाली. या वेळी खरंच तिनंच म्हटलं, विचारून पाहा.

परीक्षा कोणत्या शाळेत ते वसुंधराले फोन करून विचारलं होतं. तू आमाले शाळेच्या गेटापाशी पाहिलं तवा तुहं तोंड कसं झालं ते मी सांगत नाही. मी दुसरीकडं पाहत होतो. लाउडस्पीकरवर ओरडून राहिले होते की मोबाईल नाही, घड्याळ नाही, दागिना नाही, पूर्ण बाहीचा कपडा नाही. सारी पोरं गेटापाशी काही ना काही उतरवत होती. एका पोरीच्या कुर्त्याची बाही तिथंच कैचीनं कापली. तू कानातले काढले, घड्याळ काढलं, फोन बंद केला, अन् आईकडं नाही, माह्याकडं हात केला.

"धरा."

एवढंच. अन् आत गेली.

मी ते सारं रुमालात बांधून तीन तास मुठीत धरून होतो. आई म्हणे, पिशवीत ठेवा. मी नाही ठेवलं.

तू आत होती तवा बाहेर काय चाललं ते तुले माहीत नाही, म्हणून लिहितो. गेटासमोरच्या चिंचेखाली सारे मायबाप बसले होते. माह्या बाजूले कोंडागावकडचे एक गुरुजी होते, हिरालाल नावाचे, त्यांची सून परीक्षेले बसली होती. मी सवयीनं विचारलं, तुमच्याकडं काही त्रुटी सुधार? ते हसले. म्हणे, सुनेच्या फॉर्मात त्यांनीच माहेरचं आडनाव ठेवलं होतं अन् मुलानं ते चूक समजून सुधारलं. आता मार्कशीटवर एक, फॉर्मवर दुसरं. सुधार एकदाच, तो खर्ची पडला. सून म्हणाली, मी परीक्षा तं देतेच, पुढचं पुढं. मले त्या पोरीचं कौतुक वाटलं. तिले आत जाताना मी पाहिलं होतं, ताठ चालत गेली.

मी गुरुजींना सांगतलं, आमच्या पोरीनं दुर्ग खोडून बस्तर लिहिलं. ते म्हणे, "उल्टा तो सब करते हैं. ये पहली बार सुना." मंग त्यांनी मले विचारलं, कावून? घ्या! मीच साऱ्या दुनियेले विचारत फिरतो अन् इथं मलेच विचारलं. मी म्हटलं, पता करने ही आया हूँ.

तू बाहेर आली, पेपर कसा गेला ते काही सांगतलं नाही, कानातले घातले अन् म्हणाली, "चला, माही ड्यूटी आहे दोनपासून. पाहायचं तं चला." तुही आई वसुंधरासोबत हॉस्टेलवर गेली अन् मी तुह्यासंग वॉर्डात. तिथलं तं तू होतीच, काय लिहू.

येताना बसमध्ये आई विचारत होती, काय पाहिलं? मी म्हटलं, सांगीन सावकाश.

तुहा बाबा,
टिकाराम


वैशाली नगर
२० नोव्हेंबर

बेटा साक्षी, जय भीम.

तुह्या फोननंतरही मी यादी सोता पाहून आलो. पीयूषच्या दुकानावर. त्यानं स्क्रीन मोठी करून दाखवली, बस्तर संभाग, तुहं नाव, माहं नाव, सारं बरोबर. मी दोनदा वाचलं. जे पक्कं माहीत असते ते माणूस वाचत नाही म्हणतात, म्हणून मुद्दाम वाचलं. पीयूषनं लाइनीतल्या साऱ्यांना चहा पाजला, सेंटरचं नाव होते म्हणे, जसा का त्यानंच पेपर दिला. आईनं शेजारी पेढे वाटले. कोणी विचारते, आता पोरगी घरी येईन ना, तं ती म्हणते, नाही, तिकडंच तिचं सेंटर आहे. असं म्हणते जसं तिनंच पोस्टिंग केलं.

कोंडागावच्या पुढं तुह्या सेंटरचं गाव नकाशात सापडलं. फोनवर बोट ताणून ताणून पाहिलं. एक रस्ता, एक तळं, अन् मंग हिरवंच हिरवं. आता वनरक्षकाचा फॉर्म मी उगाच नव्हतो भरला, असं म्हणणार होतो, पण आई म्हणे, हे लिहू नका. लिहिलं.

फोनवर आता आपण बोलतो, तरी ही चिठ्ठी लिहून राहिलो, कारण एक गोष्ट फोनवर सांगता येत नाही. जुलैतली, वॉर्डातली.

तू मले दरवाजाजवळच्या स्टुलावर बसवलं अन् कामाले लागली. कोपऱ्यातल्या पलंगावर एक म्हातारी होती, हातावर गोंदलेलं, नाकात दोन्ही बाजूंनी फुल्या. तू तिच्याजवळ वाकून बोलायले लागली. मी दुरून ऐकलं अन् मले वाटलं, ही मराठी बोलून राहिली. इथं, जगदलपुरात, या बाईसंग? कान देऊन ऐकलं तं मराठी नव्हती. तू म्हणत होती, "तुचो नाव काय आय?" आपली बोली कोणीतरी घेऊन दुसऱ्या साच्यात ओतल्यासारखी. प्रत्येक शब्द ओळखीचा वाटे अन् हातातून सुटे.

तू वळून म्हणाली, "हलबी आहे, बाबा, इथली बोली. आली त्या दिवशीच मले अर्धी समजली. बाकीच्या नर्सांना वर्ष वर्ष समजत नाही. घरी आपण बोलायचो ना, म्हणून." अन् पुन्हा तिच्याकडं वळली. मंग म्हणाली, "शाळेत मी मराठीचा एक शब्द तोंडातून निघू देत नव्हती. पोरी हसत. इथं या बाया मले आपली समजतात."

मी काही बोललो नाही. तुले वाटलं असेल, बाबाले पटलं नाही. तसं नव्हतं. मले बोलायचं होतं, पण जे बोलायचं ते कोणत्या भाषेत बोलावं हे समजत नव्हतं. मी भिलाईत साऱ्या नोकरीभर हिंदीत बोललो. आपली बोली दाराच्या आत ठेवली, चपला ठेवतो तशी. तीच बोली तुह्या कामी आली, अन् तीही एका अनोळखी म्हातारीच्या पलंगापाशी.

मंग तू इंजेक्शन आणायले गेली. हे तुले माहीत नाही.

म्हातारीनं मले बोटानं जवळ बोलावलं. मी स्टूल ओढून बसलो. ती हळूहळू बोलायले लागली. सारं नाही समजलं, पण बरंच समजलं. तिची सून बाळंत झाली होती, तवा तू सकाळपासून संध्याकाळपर्यंत तिच्यापाशी होती, पाण्याचा घोटही न घेता. त्या दिवशी तू कोणाले तरी फोन लावला, अन् फोन ठेवून रडली, अन् मंग तोंड धुऊन पुन्हा सुनेपाशी आली. म्हातारीनं पाहिलं होतं. नातू चांगला आहे, घरी आहे. आता ती सोता दुखण्यानं आली अन् गावातल्या लोकांना सांगून आली की मले त्याच बाईकडं न्या.

तिनं माह्या तोंडाकडं नीट पाहिलं. मंग दाराकडं, जिकडून तू गेली होती तिकडं, बोट केलं अन् विचारलं, "तुमचो बेटी आय?"

बेटा, मी पुस्तकातलं बोलत नाही. जे तोंडातून निघालं ते निघालं.

"हव," मी म्हटलं. "मचो बेटी आय."

माह्या तोंडून तिची बोली ऐकून आधी तिले वाटलं का मी थट्टा करतो. मंग ती हसायले लागली, दात नाहीत तिले, साऱ्या अंगानं हसली. तिनं माह्याकडून ते पुन्हा म्हणवून घेतलं. मी पुन्हा म्हटलं. बाजूच्या पलंगावरची बाईही हसली.

तू ट्रे घेऊन वापस आली तवा आमी तिघंही हसून राहिलो होतो. तू विचारलं, काय झालं? मी म्हटलं, काही नाही.

हे झालं होतं.

तुहा बाबा,
टिकाराम